अर्खिप्पाने वीराची हद्द लांबवली

कॅलिडॉनच्या बाजारात आमच्या गावाचं नाव काढलं, की मीठ विकणारी जाडी बाई हातातलं माप खाली ठेवते आणि आवाज एकदम बारीक करते. "तुमच्याच गावातली ना गं ती? वीराला दोऱ्याने बांधून घरी नेणारी?"

शेजारचा कांदेवाला लगेच पुढे सरकतो. "पायाला बांधलाय म्हणे. कोंबडी बांधतात तसा. खाटेखाली."

"खाटेखाली मावेल का तो?" त्याची बायको त्याला कोपराने ढोसते. "वीर आहे, नऊ हात लांब! रांजणात ठेवलाय. माझ्या बहिणीच्या नणंदेने त्याला आतून खोकताना ऐकलंय."

सगळं खोटं. ऑर्सेलास वीर जिथे होता तिथेच आहे, झऱ्याच्या वरच्या टेकाडाखाली, दगड डोक्यावर घेऊन झोपलेला. अर्खिप्पा आत्याने त्याला बोटही लावलेलं नाही. तिच्या घरात एकच रांजण आहे आणि त्यात मसूर असतात. तिने केलं ते वेगळंच, आणि ते भर दुपारी, अख्ख्या गावासमोर केलं. गावाला फक्त तोंड उघडता आलं नाही.

आता वीराचं सांगायला हवं, नाहीतर बाकीचं कळणार नाही. देव लांब असतात. त्यांचे डोंगर उंच, त्यांची भांडणं मोठी, आपल्याकडे बघायला त्यांना सवड नसते. वीर हा आपल्यासारखाच माणूस, आपल्यासारखाच मेलेला, फक्त अंगाने मोठा आणि डोक्याने तापट, आणि राहतो आपल्या शेजारी. आमचा ऑर्सेलास कॅलिडॉनच्या रानडुकराच्या शिकारीला होता. ती शिकार गाणारे गवई सगळ्यांची नावं घेतात, मेलेआग्रोस, अटालांटा, कोण कुठले जुळे भाऊ, पण आमच्या माणसाचं नाव एकाच्याही गाण्यात नाही. म्हणून गवई आमच्याकडे आला, की नावं संपत येताना म्हातारे एकेक करून खाकरायला लागतात. शहाणा गवई चुलीवरच्या भांड्याकडे बघतो आणि एक नाव वाढवतो.

डुकराने ऑर्सेलासची डावी मांडी फाडली. ती दोन्ही हातांनी आवळून तो गावापर्यंत चालत आला, झऱ्यावर बसला आणि पाणी मागितलं. झऱ्यावर दोन बायका बोलत होत्या. "हो, देते हं," म्हणाल्या, आणि आपलं बोलणं पुरं करत राहिल्या. बोलणं संपलं तोवर तो संपला होता. तेव्हापासून त्याला बडबड सहन होत नाही. टेकाडाजवळून जाताना आम्ही खालचा ओठ दातात धरतो. तान्ह्या पोरांच्या तोंडावर हात ठेवतो. एका कुंभाराने तिथे ठेच लागल्यावर "आई गं" म्हटलं, तर त्याच महिन्यात त्याची भट्टी फुटली. तो आता ठेच लागली तरी गप्प असतो, घरातसुद्धा.

द्राक्षं तुडवून झाली की वीराचा दिवस येतो. काळा मेंढा कापायचा. रक्त टेकाडाच्या पायथ्याच्या खळग्यात, ते त्याचं. मांस आमचं. पण ते वीराच्या हद्दीतच खायचं, सूर्य बुडायच्या आत, आणि एक घासही हद्दीबाहेर न्यायचा नाही. हद्द म्हणजे लोकरीचा धागा. टेकाडाभोवती काठ्या रोवून त्यांच्यावरून फिरवतात. लोकर गेल्या वर्षीच्या मेंढ्याची लागते. सूत एकाच बाईच्या हातचं, आणि ती बिनलग्नाची. धागा अखंड, गाठ नाही. शेवटी दोन्ही टोकं एका दगडाखाली दाबायची. आणि पहिल्या काठीला धागा लागल्यापासून रक्त खळग्यात पडेपर्यंत गावात कुणी अक्षर बोलायचं नाही. कुठेच नाही. त्या वेळात वीर कान उघडे ठेवून असतो; रक्त मिळालं की त्या दिवसापुरतं बोलणं चालवून घेतो.

तीस वर्षं तो धागा अर्खिप्पा आत्याने कातला आहे. नात्याने ती माझ्या बापाची चुलतबहीण. ती बारा वर्षांची असताना आधीची कातणारी म्हातारी वारली आणि टकळी हिच्या हातात आली. गावाने तिच्या बापाला सांगितलं, "एवढं एक वर्ष. पुढच्या वर्षी दुसरी मुलगी बघू." पुढच्या वर्षी पुन्हा, एवढं एक वर्ष. मध्ये नौपाक्तोसहून एक जण मागणी घालायला आला होता, दोन गाढवं आणि स्वतःचा तेलघाणा असलेला. तो बसला. ती उभी राहिली, टकळी फिरवत. त्याने विचारलं, "ही बसत नाही का?" बाप म्हणाला, "बसते की. म्हणजे, बसलेली पाहिली आहे मी एकदा." त्यावर गावाच्या म्हाताऱ्यांनी पाहुण्याला कोपऱ्यात घेतलं आणि एवढं एक वर्ष थांबायला सांगितलं. तो थांबला नाही. आत्या त्याच्याबद्दल कधी काही बोलत नाही. गाढवं चांगली होती, एवढं एकदा म्हणाली.

ती जेवतेही उभ्यानेच. जवाची भाकर एका हातात, ऑलिव्ह दुसऱ्या हातात, आणि पाय उंबऱ्याच्या आत-बाहेर. बोलणं तुटक. "बघू. बघू. चल. झालं का? चल." तिच्याशी बोलायचं तर चालत बोलावं लागतं, आणि चढावर ती उत्तर देते तेव्हा आपल्याला प्रश्न आठवत नाही.

घरात ती आणि तिचा थोरला भाऊ फाइनेआस. अडीच वर्षांपूर्वी तो ऑलिव्हच्या झाडावरून पडला, पाठीवर. तेव्हापासून खाटेवर. पाठ मोडली, जीभ शाबूत राहिली. छताकडे बघत तो दिवसभर सगळ्यांचे दोष काढतो: हवेचे, शेजाऱ्यांचे, बहिणीच्या मसुरांचे. खोटं मात्र कुणाचं चालवून घेत नाही. लहानपणी आपणच फोडलेला घडा कबूल करायला तो शेजारच्या गावापर्यंत बापाच्या मागे धावत गेला होता म्हणतात. बाप चालला होता दुसऱ्या कामाला.

आमच्या भावकीत नियम असा, की जो पुरुष सलग तीन वर्षं वीराच्या हद्दीत मांस खात नाही, तो गेला. मेला किंवा परका झाला, भावकीला दोन्ही सारखंच. त्याचं नाव पुसायचं, आणि त्याचं घर जवळच्या भाऊबंदाकडे जायचं. फाइनेआसचं पहिलं वर्ष चुकलं ते ताज्या दुखण्यात. दुसऱ्या वर्षी चौघांनी त्याला दाराच्या फळीवर घेतलं. उंबऱ्यापर्यंत गेले असतील, तोच त्याचे ओठ निळे पडले आणि डोळे वर गेले. फळी तशीच मागे फिरली. औषध देणारी बाई म्हणाली, पुन्हा उचललंत तर सरळ स्मशानातच न्या, फेरा वाचेल.

जवळचा भाऊबंद म्हणजे लिकोपोस. त्याचं घर आत्याच्या घराच्या थोडं वर, मध्ये त्याचा डुकरांचा वाडा. माणूस वाईट नाही म्हणतात. मी तसं म्हणत नाही. पोट पुढे, हात मागे, आणि तोंडात एकच पालुपद. दर चार दिवसांनी चौकशीला यायचा.

"कसं काय, फाइनेआस? बरं वाटतंय ना? माझं काय, मी आपला विचारतोय." मग भिंतीवर थाप मारायचा. "ही भिंत काढली की इथे दोन बैल मावतील. माझं काय, मी आपला बोलतोय."

"आणि मी?" आत्याने एकदा विचारलं. "मी कुठे मावेन?"

"तुझी सोय होईल गं. माझ्या सासऱ्याकडे. त्यांना ऐकू येत नाही, पण सूत कातणारं माणूस हवंय त्यांना. बसून खाशील."

"बसून," आत्या म्हणाली आणि बाहेर पडली. मी घडा घेऊन झऱ्याकडेच निघाले होते, म्हणून तिच्या मागे धावले. ती त्रिखास आजोबांकडे गेली. ते वीराचे पुजारी. बोलताना दर चार शब्दांनी नाकाने वारा आत ओढतात, सूंऽऽ, जणू पुढचे चार शब्द हवेत कुठे वास देताहेत.

"आजोबा, मांस त्याच्याकडे नेता येईल का? एक घास?"

"हद्दीबाहेर एक घासही, सूंऽऽ, जात नाही पोरी. कधी गेला नाही, सूंऽऽ, कधी जाणार नाही."

"आणि हद्द कुठवर?"

"धागा असेल तिथवर, सूंऽऽ, आणखी कुठवर?"

"आणि धागा कुठवर?"

आजोबा हसले. "असेल तिथवर."

आत्या उभी राहिली. अगदी स्थिर. मी तिला तशी कधी पाहिली नव्हती, म्हणून घाबरले. मग "बघू, बघू," म्हणत ती टेकाडाकडे वळली, टेकाडापाशी ओठ चावला, आणि तिथून घरापर्यंत सावकाश, एकेक पाऊल टाकत उतरली. दोनशे बारा पावलं. मी पण मोजली, कारण तिचे ओठ हलत होते आणि मला राहवेना.

नेहमीचा धागा करंगळीएवढा जाड असतो आणि टेकाडाला एक वेढा घालून संपतो. मेंढा एक, लोकर एक. तेवढ्याच लोकरीत दोनशे बारा पावलं खाली, घराभोवती, आणि दोनशे बारा पावलं वर. म्हणजे धागा किती बारीक हवा, याचा हिशोब तिने कसा केला मला माहीत नाही. ती फक्त कातू लागली. लोकर इतकी विंचरायची, की हातात धूर धरल्यासारखी वाटायची. टकळीही हलकी केली; जुनी दगडी चकती काढून मातीची बसवली, जेमतेम अक्रोडाएवढी. धागा तुटायचा. गाठ चालत नाही, म्हणून दोन्ही टोकांचा पीळ उलगडून, त्यात चिमूटभर लोकर घालून, ओल्या बोटांनी पुन्हा पीळ द्यायची. दिवसातून दहादा. हिवाळाभर हे, आणि सगळं चालता चालता.

लोक बोलू लागलेच. बाईला झपाटलंय. एवढं बारीक सूत कुणी कापडासाठी कातत नाही, हे तर जाळं आहे. वीराला धरणार आहे. मीठवालीकडे पोचलं ते इथूनच. आत्याला कुणी विचारलं तर ती म्हणायची, "वेल लावणार आहे." कारण वसंतात तिने टेकाडापासून घरापर्यंत उतारावर दोन रांगांत काठ्या रोवायला घेतल्या होत्या, द्राक्षाच्या वेलीला लावतात तशा. कुणी हरकत घेतली नाही. लिकोपोसच्या डुकरांच्या वाड्यातही तीन रोवल्या, आणि तो म्हणाला, "लाव लाव. शेवटी सगळं माझ्याकडेच राहणार. माझं काय, मी आपला बोलतोय." वेल काही उगवली नाही. सगळे म्हणाले, बिचारीला बागकाम कुठलं जमायला.

फाइनेआसला तिने सांगितलंच नाही. मला सांगितलं तेही सांगितल्यासारखं नव्हे. उन्हाळ्यात एकदा चढावर म्हणाली, "वाऱ्याचं काय करायचं?" तेवढंच. मी रात्रभर वाऱ्याचा विचार करत कूस बदलली. ती तर आणखी अस्वस्थ. दिवस जवळ आला तशी ती घरात टिकेचना. आत जाई, बाहेर येई, आकाश बघे, काठ्या हलवून बघे, पुन्हा आत जाई. आतून फाइनेआस ओरडे, "दार लाव नाहीतर उघडं ठेव! एक काहीतरी ठरव, बाई!"

वीराच्या दिवशी वारा होता. फार नव्हता, पण पॉप्लरची पानं उलटी होतील एवढा. दुपारी सगळं गाव टेकाडापाशी जमलं. आत्या टोपली घेऊन आली, टोपलीवर फडकं. त्रिखास आजोबांनी हात वर केला. तिने धाग्याचं टोक दगडाखाली ठेवलं, पहिल्या काठीवर वेढा दिला, आणि गाव गप्प झालं.

टेकाडाभोवतीच्या काठ्या झाल्या. शेवटची राहिली. नेहमी इथून ती परत दगडाकडे वळते. ती वळली नाही. उताराला लागली.

पहिल्यांदा कुणाला काही कळलं नाही. मग धागा वेलीच्या पहिल्या काठीवर गेला, दुसऱ्या काठीवर, आणि एकेकाच्या भुवया चढू लागल्या. लिकोपोसला कळायला वेळ लागला, पण कळलं तेव्हा त्याच्या गळ्याच्या शिरा बोटाएवढ्या फुगल्या. त्याने तोंड उघडलं. शेजारच्या तिघांनी एकदम त्याच्यावर झडप घालून ते बंद केलं. मग त्याने हात हलवायला सुरुवात केली. आत्याकडे बोट, स्वतःच्या घराकडे बोट, आकाशाकडे बोट, मग दोन्ही हातांनी कात्री. त्रिखास आजोबांनी खांदे उडवले. लिकोपोसच्या बायकोने छातीवर हात मारला, पण आवाज होऊ नये म्हणून हळू. माझ्या बापाने लिकोपोसला खुणेने विचारलं, काय झालं? लिकोपोसने खुणेने जे सांगितलं, ते इथे लिहिण्यासारखं नाही.

आणि आत्या चाललीच होती. धागा इतका बारीक, की थोडं दूर गेलं की दिसायचाच नाही. नुसती एक बाई रिकाम्या हातांनी काठ्यांना नमस्कार करत उतरते आहे असं वाटायचं. मी उतारावरून तिच्याबरोबर पळत होते, हात तोंडावर दाबून. वारा आला, की धागा फुगायचा आणि ती थांबायची, बोटाने त्याला दाबून, श्वास धरून. डुकरांच्या वाड्यापाशी एक डुकरीण काठीला पाठ घासायला आली. आत्याने तिच्याकडे बघितलं. मी डुकरिणीकडे बघितलं. डुकरीण जरा विचारात पडली आणि चिखलात जाऊन आडवी झाली. मला रडू फुटणार होतं.

घराला वेढा घालून ती पलीकडच्या काठ्यांवरून परत चढू लागली. आता पाय जड झाले होते, आणि टोपलीतला गुंडा सुपारीएवढा राहिला होता. टेकाड अजून साठ पावलं. लिकोपोसचं तोंड आता उजळलं होतं. तो बोटांवर पावलं मोजत होता. चाळीस पावलं. वीस. गुंडा संपला आणि हातात नुसतं टोक आलं, हातभर लांब. दगड तीन हातांवर. आत्याने मागे बघितलं, सगळ्या उतारावर नजर टाकली, आणि एका काठीपाशी जाऊन धागा वरच्या टोकावरून बुंध्यापाशी सरकवला. दुसऱ्या काठीवरचाही. मग तिसऱ्यावरचा. उंचीवर वाया गेलेला धागा बोटाबोटाने तिच्या हातात आला. टोक दगडाखाली गेलं. त्रिखास आजोबांनी वाकून बघितलं, बोटाने चाचपलं, आणि सुरी उचलली.

रक्त खळग्यात पडलं आणि गावाचं तोंड सुटलं.

"ही फसवणूक आहे!" लिकोपोसचा पहिला शब्दच फाटका आला. "वीर काय मूर्ख आहे? माझी डुकरं हद्दीत! माझा उकिरडा हद्दीत! आता मी माझ्याच परसात जाताना ओठ चावायचा का?"

"हद्द आजच्या दिवसापुरतीच," आत्या म्हणाली.

"लिकोपोस, धागा किती, सूंऽऽ, आहेत?" त्रिखास आजोबांनी विचारलं.

"एक आहे, पण..."

"लोकर कुणाची?"

"मेंढ्याचीच, पण माझं म्हणणं..."

"गाठ दाखव मला. एक दाखव, सूंऽऽ, आणि मी सगळा धागा स्वतः जाळतो."

लिकोपोस खरंच गाठ शोधायला उतारावर गेला. नाक धाग्याला टेकवून, पोट सावरत, शंभरेक पावलं. हात लावायची मात्र छाती झाली नाही. धागा तोडणाऱ्याचं वीर काय करतो हे सांगायची गरज नसते. परत आला तो घामाघूम.

"आणि तो हद्दीत मेला तर?" त्याने शेवटचं काढलं. "वीराच्या जागेत मढं? चालेल तुम्हाला?"

आत्या म्हणाली, "सूर्य बुडाला की मी धागा गुंडाळते. तोवर मरणार नाही तो. मरायचं असतं तर उन्हाळ्यातच मेला असता, माझ्या स्वयंपाकाला नावं ठेवणं सोडून."

मांस भाजून झालं तोवर सूर्य पलीकडच्या डोंगरापासून हातभर वर होता. त्रिखास आजोबा, लिकोपोस आणि आणखी दोन म्हातारे साक्षीला निघाले. आत्या पुढे, हातातल्या वाटीत तीन तुकडे. तीनही गिळायला हवेत. मी मागे.

फाइनेआसने छतावरची नजर काढली नाही. "एवढे लोक कशाला? मेलो का मी?"

"दादा, मांस आणलंय. वीराचं. आपलं घर आज हद्दीत आहे."

तिने सगळं सांगितलं. धागा, काठ्या, डुकरीण. तो ऐकत गेला तसा त्याचा चेहरा कडू होत गेला.

"कुणी सांगितलं होतं तुला? वर्षभर हेच करत होतीस? मला वाटलं तू कापड विणतेयस. मला नको. काढू दे माझं नाव. या खाटेवर कोण आहे म्हणून नाव ठेवायचं? घे जा ते. लिकोपोस, तुझे बैल आण."

लिकोपोस म्हणाला, "बघा, तोच म्हणतोय. माझं काय..."

"तुझं काय ते तू बाहेर बोल," आत्या म्हणाली.

तिने विनवलं नाही. वाटी खाटेच्या कडेला ठेवली आणि बाहेर उंबऱ्यावर आली. आत-बाहेर, आत-बाहेर. सूर्य डोंगराला टेकला होता. तिच्या बोटांच्या टोकांना वर्षभराच्या पिळाने भेगा पडल्या होत्या आणि त्यातून आता रक्त येत होतं. ती ते झग्याला पुसत होती आणि तिला ते कळतही नव्हतं. मला वाटलं होतं, घर वाचावं म्हणून ती हे सगळं करते आहे. तसं असतं तर ती आत जाऊन भावाच्या पाया पडली असती. ती फक्त त्याला ऐकू येईल एवढ्या अंतरावर उभी होती.

मला राहवलं नाही. "आत्या, तो नाही खाणार. मी ओळखते त्याला. मेला तरी नाही."

"खाईल."

"नाही खाणार."

"पैज?" तिने माझ्याकडे न बघताच विचारलं.

"पैज. हरले तर आजच्या मेंढ्याची सगळी लोकर मी निवडीन. काटे, गोखरू, शेण, सगळं. एकटी."

"आणि मी हरले तर?"

ती हरली तर तिच्याकडे मागायला काही उरणारच नव्हतं.

ती आत गेली. वाटी उचलली, एक तुकडा स्वतःच्या तोंडात घातला, नीट चावला. मग साक्षीदारांकडे वळून मोठ्याने म्हणाली, "आजोबा, लिहून घ्या. फाइनेआसने पहिला घास खाल्ला."

खाटेवरून असा आवाज आला, की म्हातारे दोन पावलं मागे सरले. "खोटं! धडधडीत खोटं! वीराच्या हद्दीत उभी राहून खोटं बोलतेस? त्याला कान नाहीत? डोकं फिरलंय का तुझं? तुझी जीभ झडेल, बाई!"

"मग मी काय करू? सूर्य चाललाय."

"दे इकडे! तोंडात घाल! लवकर! हिच्या तोंडून निघालंच आहे तर ते खरं तरी करू दे, नाहीतर त्या तापट माणसाला आज घरातच यायचं निमित्त मिळेल!"

पण वाटीत आता दोनच तुकडे होते. आत्याने थोरल्या तुकड्याचे दोन केले. महिनाभर पेजेवर असलेला माणूस तो. पहिला घास त्याने चावला, चावला, चावतच राहिला. लिकोपोस दारात सूर्य आणि फाइनेआसची हनुवटी यांच्याकडे आळीपाळीने बघत होता. घशातून आवाज आला. गेला. "मीठ नाही," फाइनेआस म्हणाला. दुसरा गेला. तिसऱ्याला ठसका लागला. आत्याने त्याच्या डोक्याखाली हात घातला आणि मान जराशी उचलली, अंडं उचलावं तशी. त्याचे ओठ निळसर झाले. मग त्याने डोळे मिटले आणि गिळलं, आणि तोंड उघडून जीभ बाहेर काढून लिकोपोसला दाखवली.

"गेलं, सूंऽऽ," त्रिखास आजोबा म्हणाले.

सूर्याची एक कड अजून होती. आत्या खाटेच्या कडेला बसली. बसली म्हणजे खरोखरच बसली. मी स्वतः पाहिलं. घटकाभर बसली असेल. मग उठली, म्हणाली, "चल, धागा गुंडाळायचाय. आणि वाटेत ते कातडं उचल. तू पैज हरलीस."

आता तीन दिवस झाले, मी त्या मेंढ्याची लोकर निवडते आहे. एका हातभर लोकरीत मला एकेचाळीस गोखरू सापडले.